नादबेटाच्या सड्यावरची नक्षी

नमस्कार मंडळी. आज ज्या बेटाबद्दल बोलणार आहोत ते कुठल्याच नकाशात सापडणार नाही, कारण ते आम्ही रचलेलं आहे. आमचा राजापूरकडचा ग्रुप, कुणी चित्रं काढतं, कुणी गोष्टी लिहितं, आणि सगळ्यांनी मिळून एक काल्पनिक जग बनवायला घेतलंय त्याचं नाव नादबेट. जांभ्याचा मोठा सडा म्हणजे उघडं कातळपठार, खाली समुद्राने पोखरलेली तिरकी घळ, कडेला माडाच्या वाड्या, म्हणजे आपलं कोकणच, फक्त एक गोष्ट वेगळी. तिथे घळीच्या वर कातळाचा पातळ पापुद्रा आहे आणि लाट आत शिरून घळीतली हवा घुमायला लागली की तो पापुद्रा थरथरतो, मग त्याच्यावर वाऱ्याने येऊन पडलेली बारीक वाळू आपोआप सरकून रेघा तयार होतात. चौकोन, वर्तुळं, चांदण्या. तिथले लोक तिला गाजेची नक्षी म्हणतात.

आता खऱ्या जांभ्यावर असं होणार नाही हे आम्हालाही माहितीये, दगड जाड आणि भोकाभोकाचा असतो. पण वाळूच्या रेघा उमटतात तो नियम मात्र शंभर टक्के खरा आहे. एर्न्स्ट क्लाडनी नावाच्या जर्मन माणसाने 1787 साली त्याच्यावर पुस्तकच छापलं. धातूच्या पत्र्यावर वाळू भुरभुरवायची आणि पत्र्याच्या कडेवरून व्हायोलिनचा गज ओढायचा. पत्रा जिथे जोरात हलतो तिथून वाळू उडते आणि जिथे तो अजिबात हलत नाही तिथे जाऊन साचते. इथे जरा थांबून विचार करा, कारण आमचं अख्खं बेट याच्यावर उभं आहे. आपण बघतो ती रेघ म्हणजे आवाजाने हात न लावलेली जागा.

आपल्याकडे हे बघायला व्हायोलिनसुद्धा लागत नाही, भजनाला बसणाऱ्या कुणाच्याही घरी तबला असतो. स्क्रीनवर बघा, पुडीवर म्हणजे तबल्याच्या कातड्यावर अगदी चिमूटभर रांगोळी टाकलीये. आता अनामिका मधल्या काळ्या शाईच्या कडेला अलगद टेकवून तर्जनीने किनारीवर 'ना' हा बोल वाजवायचा, परत परत, एकाच जोराने. आधी सगळी पावडर नुसती नाचते, काही कण शाईवरून घसरून तिच्या भोवतीच्या मैदानात जातात, आणि मग हळूहळू एक फिकट पट्टा दिसायला लागतो, टेकवलेल्या बोटापासून निघून थेट समोरच्या काठापर्यंत. कारण त्या बोटाने ती जागा दाबून धरली आणि पुडी त्या रेघेच्या दोन्ही बाजूंना आलटून पालटून वर-खाली व्हायला लागली. सी. व्ही. रामन यांनी आपल्या चर्मवाद्यांवर 1920 मध्ये 'नेचर'मध्ये लिहिलं होतं आणि 1934 च्या निबंधात मृदंगावर वाळू टाकून हीच चित्रं दाखवली. शाईमुळे या वाद्यांचे वरचे स्वर मूळ स्वराच्या पटीत बसतात, म्हणून तबला सुरात लागतो, हे त्यांनी समजावून सांगितलं. मला विचाराल तर नोबेलइतकंच हे कामही शाळेत सांगायला पाहिजे.

तर परत बेटावर येऊ. नादबेटावरची माणसं सड्यावर चालतात ती या रेघांवरूनच, कारण बाकी जमीन तळपायाला झिणझिण्या आणते. आणि नक्षी रोज बदलते. भरतीला पाणी घळीत वर चढतं, हवेला जागा उरते थोडी, सूर वर जातो आणि नक्षी दाट होते. सुकतीला पाणी उतरलं की हवेची लांबी वाढते, सूर खाली येतो, रेघा कमी होतात, लांब बासरी ढाल्या सुरात वाजते तसंच. लांबी दुप्पट झाली तर सूर बरोबर एक सप्तक खाली. अष्टमीच्या भांगाला, म्हणजे भरती-ओहोटी छोटी असते तेव्हा, फरक थोडा, अमावस्या-पौर्णिमेच्या उधाणाला प्रचंड. तिथली म्हातारी माणसं सकाळी नक्षी बघूनच सांगतात की होडी काढायची की नाही.

गूढ सुरू होतं ते पुढे. सड्याच्या मधोमध कातळात खोदलेली एक जुनी आकृती आहे, आणि ती कुठल्याच दिवसाच्या नक्षीशी जुळत नाही.

खोदलेल्या आकृतीची कल्पना कुठून आली हे कोकणातल्या माणसाला सांगायला नको. बारसू, देवाचे गोठणे, देवीहसोळ, उक्षी, कशेळीचा तो प्रचंड हत्ती. या सड्यांवरची आपली कातळशिल्पं, म्हणजे कातळात खोदलेली जुनी चित्रं, 2022 पासून युनेस्कोच्या तात्पुरत्या यादीत आहेत, देवाचे गोठणेला तर होकायंत्राची सुई भरकटते. ती शिल्पं आवाजाची आहेत असा आमचा अजिबात दावा नाही, त्यांचा अर्थ अभ्यासकांनी लावावा आणि आपण ती जपावी, सड्यावर गाड्या घालू नयेत एवढंच.

नादबेटावरची आकृती मात्र अगदी साधी आहे. दोन रेघा एकमेकींना छेदणाऱ्या आणि भोवती एक वर्तुळ, बस्स. उधाणाच्या सगळ्यात खोल सुकतीलासुद्धा वाळू इतकी मोकळी बसत नाही. कुणी म्हणतं देवाने काढली, कुणी म्हणतं पोरांनी. आमच्या गोष्टीतली नायिका तबला वाजवणाऱ्याची मुलगी आहे, ती उलटा हिशोब करते. इतक्या कमी रेघा म्हणजे सूर फार खालचा, सूर खालचा म्हणजे हवेची लांबी खूप मोठी, आणि लांबी मोठी म्हणजे तेव्हा पाणी पार खाली होतं, घळ आजच्या किनाऱ्याच्या कितीतरी पुढे उघडत होती. हेही काही हवेतलं नाही, सुमारे 20,000 वर्षांपूर्वी हिमयुगात जगभरातला समुद्र आजच्यापेक्षा साधारण 120 मीटर खाली होता.

म्हणजे ज्यांनी ती आकृती खोदली त्यांची वाडी आज पाण्याखाली असणार, आणि घळ किती लांब होती हे सुरावरून काढता आलं तर तिचं जुनं तोंड कुठे असेल तेही काढता येईल. पुढच्या भागात ती मुलगी आपल्या काकाच्या होडीतून दोरी आणि शिशाचं वजन घेऊन तिथली खोली मोजायला निघते, तो नकाशा आम्ही आत्ता काढतोय.