डोक्यातला करंट

मंडळी, दिवसभर कापूस वेचून थकलात आणि तरी इथं येऊन बसलात, म्हणून सरळ विषयालाच हात घालतो. ओपीडीत माणसं डोक्याबद्दल काय काय सांगतात! "डोकं भणभणते." "मुंग्या चालून राहिल्या." "कानात जिनिंग सुरू हाय." आणि एक तक्रार अशी, की ती ऐकून घरचे आधी देवऋष्याकडे जातात: "डोक्यात करंट मारते."

डोक्यात वीज आहे, हे खरंच आहे. मेंदूच्या पेशी एकमेकींशी विजेच्या खुणांनी बोलतात. जर्मनीत येना इथे हान्स बर्गर या मनोविकारतज्ज्ञांनी १९२४ मध्ये माणसाच्या मेंदूच्या विजेचा पहिला आलेख काढला आणि १९२९ मध्ये तो छापला. डोळे मिटून निवांत बसलं की सेकंदाला ८ ते १३ लाटा उमटतात, त्या अल्फा. डोळे उघडले की त्या ओसरतात. गाढ झोपेत येतात त्या डेल्टा, सेकंदाला चारपेक्षाही कमी. पण ही वीज किती? टॉर्चचा सेल दीड व्होल्टचा. टाळूवर मिळते ती एका व्होल्टाच्या काही लाखांश. ती कुणालाच जाणवत नाही. मग त्या माणसाला जाणवतं ते काय?

एक दादा आले होते, पन्नाशीचे. मान वळवली, डोळे इकडून तिकडे फिरवले, की डोक्यात झर्रकन झटका. बायकोला वाटलं, बाहेरचं आहे. मी ईईजी, म्हणजे मेंदूच्या विजेचा तोच आलेख, काढायला सांगितला. केसांना तेल होतं, ते शिकेकाईनं धुऊन आले. टाळूवर पेस्ट लावून तारा चिकटवताना त्यांनी खुर्चीचा हात घट्ट धरला आणि विचारलं, "साहेब, करंट तर नाही लागन ना?" मी म्हटलं, दादा, हे यंत्र वीज देत नाही, फक्त तुमची टिपून घेते. तेव्हा कुठं त्यांची बोटं सैल झाली.

आलेख स्वच्छ आला. उत्तर सापडलं ते त्यांच्या बंडीच्या खिशात. नैराश्याच्या गोळ्यांचं रिकामं पाकीट. वेचणीच्या मजुरीत पैसे गेले, म्हणून गोळ्या बारा दिवसांपासून बंद. अशा काही गोळ्या एकाएकी सोडल्या की डोक्यात असे झटके येतात, चक्कर येते, झोप मोडते. ते ना भूत, ना मिरगी. गोळी पुन्हा सुरू केली, झटके थांबले. पुढे बंद करायची तेव्हा डॉक्टरांच्या सल्ल्यानं हळूहळू कमी करायची. मी हे पहिल्याच दिवशी विचारायला हवं होतं, ईईजीच्या आधी.

मात्र मिरगीचं दुसरं आहे. दोन फिटांच्या मधे काढलेला ईईजी साफ आला, तरी मिरगी असू शकते. म्हणून घरच्यांनी पाहिलेलं फार मोलाचं: डोळे कुठं फिरले, कोणता हात आधी उडाला, किती मिनिटं चाललं. फिट पाच मिनिटांपेक्षा लांबली तर थेट दवाखाना गाठा. नाकाला चप्पल लावू नका, तोंडात चमचा घालू नका. कुशीवर वळवा, बस.

आता माय, तुम्ही मघापासून हात वर करून आहात. तुमच्या डोक्यात काय होते, ते तुमच्याच शब्दांत सांगा.