आधी बुडाकडं बघ

कोल्हापुरातून गडहिंग्लजमार्गे आजऱ्याकडं निघालं की उसाचे मळे हळूहळू मागं पडतात. माती लाल होत जाते, रस्त्याला चढउतार लागतात आणि दोन्ही अंगांच्या टेकड्यांवर डेरेदार, गर्द झाडं दिसायला लागतात. पाटाचं पाणी जिथं पोचत नाही आणि हातभर खणलं की जांभा लागतो, अशा जागी आजरा-चंदगडच्या माणसानं काजू लावला.

हे झाड मूळचं ब्राझीलचं. सोळाव्या शतकात पोर्तुगिजांबरोबर ते गोव्याकडं आलं. आज इथल्या कुणाला ते परक्या मुलखातलं वाटत नाही.

माझं आजोळ या आजरा तालुक्यातलं. मामाची दीड एकर बाग, झाडं १२०. लहानपणी मी एकच वाक्य ऐकत आलो, ‘काजूला काय करायचं असतंय? लावायचा आणि उन्हाळ्यात बिया वेचायच्या.’ याच समजुतीपायी मामाची ११ भरलेली झाडं वाळून गेली. पानं पिवळी पडली तेव्हा पाणी कमी पडलं असं सगळ्यांना वाटलं. खोडाच्या बुडाशी वाकून कुणीच बघितलं नव्हतं.

तेव्हापासून मामा बागेत शिरला की आधी खाली बसतो. मला म्हणतो, ‘भाच्या, आधी बुडाकडं बघ, मग शेंड्याकडं.’

हे बघा. जमिनीलगत सालीवर बारीक भोक आहे, त्यातून तांबूस भुसा बाहेर आलाय आणि खाली चिकट डिंक ओघळलाय. आत रोठा आहे, खोड आणि मुळं पोखरणारी अळी. भुंगेरा सालीच्या भेगांत अंडी घालतो, अळी सालीखालचा भाग खात नागमोडी पुढं सरकते, आणि झाडाचा अन्नपाण्याचा रस्ताच तुटतो. मामा सुताराची पटाशी घेतो. बेतानं, पोखरलेली तेवढीच साल काढत जातो. मऊ, ओला भुसा निघत राहतो. पाच मिनिटं, दहा मिनिटं. मग पांढरट, बोटाएवढी जाड अळी दिसते आणि तारेच्या आकड्यानं ती बाहेर येते. जखम साफ करून औषध लावायचं. निरोगी झाडांना बुडापासून मीटरभर उंचीपर्यंत एक भाग डांबर आणि दोन भाग रॉकेल यांचं मिश्रण फासायचं. जे झाड मेलंच, ते मुळासकट उपटून बागेबाहेर न्यायचं, नाहीतर त्यातले भुंगेरे शेजारच्या झाडावर जातात. मामाला ११ झाडं उपटायला दोन दिवस लागले. त्या दोन दिवसांत तो फारसा बोलला नाही.

आता शेंड्याकडं. पावसाळा सरला की काजूला तांबूस, लुसलुशीत पालवी फुटते. मोहोर येतो तो याच नव्या फुटीच्या टोकाला, म्हणून वर्षाचं सगळं उत्पन्न या कोवळ्या दोन-चार इंचांवर अवलंबून. ढेकण्या नावाचा किडा नेमका तिथंच बसतो. रस शोषतो, काळे चट्टे पडतात, आणि आभाळ भरून आलेल्या दिवसांत तर बघता बघता सगळा शेंडा करपतो. पालवी, मोहोर आणि बारीक बी धरण्याची वेळ, या तीन टप्प्यांवर डोळ्यांत तेल घालून बघावं लागतं आणि गरज पडली तर फवारणी वेळेवर घ्यावी लागते. पानं शिवून घरटी करणाऱ्या लाल मुंग्या याच ढेकण्याला खातात. चावतात म्हणून त्यांची घरटी जाळणारे लोक मी बघितलेत. कृपा करून तसं करू नका.

मोहोरानंतर जे घडतं ते फार सुंदर असतं. आधी हिरवी बी पूर्ण वाढते, आणि मग तिच्या वरचा देठ फुगत जाऊन पिवळा, लाल बोंडू होतो. बी तोडायची नाही, बोंडूसकट आपोआप गळू द्यायची, वेचायची आणि उन्हात दोन-तीन दिवस वाळवायची. टरफलातलं तेल कातडी भाजतं, म्हणून बी फोडायला बसताना मामी हाताला राख चोळते. बोंडू मात्र झाडाखालीच कुजतात. संत्र्याहून जास्त क जीवनसत्त्व असलेलं फळ असं मातीत जाताना बघून जीव हळहळतो.

गेलेल्या ११ झाडांच्या जागी कलमं लावायची होती. पूर्वी एकदा कलमं म्हणून विकत आणलेली रोपं बियांचीच निघाली, पाच वर्षांनी कळलं. म्हणून या वेळी मामा स्वतः बांधतो. बिया पाण्यात टाकायच्या, बुडतील त्याच पेरायच्या. दीड-दोन महिन्यांच्या रोपाचा शेंडा छाटून मधोमध चीर द्यायची. ‘वेंगुर्ला ४’ या जातीच्या जोमदार झाडाची पेन्सिलीएवढी काडी, आठवडाभर आधी पानं कापून ठेवलेली, पाचरीसारखी तासून त्या चिरेत बसवायची. साल सालीला भिडली पाहिजे. प्लास्टिकच्या पट्टीनं घट्ट बांधायचं. वेंगुर्ल्याचं फळ संशोधन केंद्र १९५७ पासून काजूच्या जातींवर काम करतंय, आणि ही काडी त्या कामाचंच फळ आहे.

जूनचा पहिला पाऊस पडलाय. दोन-दोन फुटांचे खड्डे शेणखत-मातीनं भरून तयार आहेत, एकमेकांपासून सात मीटरवर. मामा पट्टी सोडतो, सांधा मातीच्या वर राहील असं कलम ठेवतो, शेजारी काठी रोवून सैलसं बांधतो. सांध्याखाली एक कोवळी फूट आलीय. ती तो नखानं खुडतो, हात धोतराला पुसतो आणि पुढच्या खड्ड्याकडं जातो.