दाद मागायची कुणाकडे? : चिनी नागरिकांचे हक्क

मित्रहो, नमस्कार.

सोलापुरात चीनबद्दल बोलायचं म्हटलं की डॉ. द्वारकानाथ कोटणीसांचं नाव आधी ओठावर येतं. युद्धात होरपळणाऱ्या चीनमध्ये ते 1938 साली गेले, जखमींवर उपचार करत राहिले आणि 1942 मध्ये, वयाच्या अवघ्या 32व्या वर्षी, तिथेच त्यांनी देह ठेवला. त्यांनी ज्यांच्यासाठी रात्री जागून काढल्या, त्यांच्या नातवंडा-पतवंडांना आज कायद्याने काय मिळतं, हा माझा आजचा विषय आहे. आपल्याकडे चीन म्हणजे सीमा, सैन्य आणि बाजारातला स्वस्त माल. तिथल्या माणसाबद्दल आपण फार कमी बोलतो, म्हणून मी एका माणसापासूनच सुरुवात करतो.

17 मार्च 2003 ची रात्र. दक्षिणेतलं ग्वांगझोऊ शहर. सुन झिगांग नावाचा 27 वर्षांचा तरुण इंटरनेट कॅफेकडे चालला होता. मूळचा हुबेई प्रांतातला, वूहानमध्ये शिकलेला, कपड्यांच्या एका कंपनीत नुकताच डिझायनर म्हणून लागलेला. वाटेत पोलिसांनी हटकलं. त्याच्याकडे शहराचा तात्पुरता राहण्याचा परवाना नव्हता आणि ओळखपत्र खोलीवर राहिलं होतं. पोलिसांनी त्याला धरून नेलं. तिसऱ्या दिवशी, 20 मार्चला, परवाना नसलेल्यांना डांबतात त्या व्यवस्थेच्या दवाखान्यात तो मेला. हृदयविकाराने गेला, असं आधी सांगितलं गेलं. शवविच्छेदनात बेदम मारहाण उघड झाली.

आता तुम्ही विचाराल, स्वतःच्याच देशातल्या एका शहरात राहायला परवाना कशाला हवा? याचं उत्तर चीनच्या कायद्याच्या इतिहासात आहे आणि तिथे थोडं थांबलंच पाहिजे. 1954 साली लोकसत्ताक चीनची पहिली राज्यघटना आली. तिच्या 90व्या कलमात लिहिलं होतं की नागरिकाला राहण्याचं आणि राहण्याचं ठिकाण बदलण्याचं स्वातंत्र्य आहे. चारच वर्षांनी, 1958 मध्ये, हुकोऊचे नियम आले. हुकोऊ म्हणजे कुटुंबाची सरकारदरबारी नोंद. तुमची नोंद गावची की शहरची, यावर रेशन, नोकरी, मुलांची शाळा, दवाखाना सगळं ठरू लागलं. घटना म्हणत होती, खुशाल जा. नियम म्हणत होता, जागचं हलायचं नाही. जिंकला नियम. 1975 च्या घटनेतून ते स्वातंत्र्य काढून टाकलं आणि आजच्या, म्हणजे 1982 च्या घटनेतही ते परत आलेलं नाही. पुढे कारखाने उभे राहिले तेव्हा कोट्यवधी माणसं खेड्यांतून शहरांत आली, उंच इमारती त्यांनीच बांधल्या, पण कागदावर ती तिथली नव्हतीच. परवाना नसलेल्याला धरायचं, डांबायचं आणि गावी परत पाठवायचं, असा एक नियम 1982 पासून लागू होता. सुन झिगांग त्याचा बळी.

‘सदर्न मेट्रोपोलिस डेली’ या ग्वांगझोऊच्या वर्तमानपत्राने 25 एप्रिलला ही बातमी छापली आणि देशभर संताप उसळला. मग 14 मे रोजी कायद्याचे तीन तरुण अभ्यासक, शू झियाँग, टेंग ब्याओ आणि यू जियांग, यांनी चीनच्या संसदेच्या स्थायी समितीला एक पत्र पाठवलं. ते पत्र मला कायद्याचा विद्यार्थी म्हणून फार मोलाचं वाटतं. त्यात घोषणा नव्हत्या, शिवीगाळ नव्हती. त्यांचं म्हणणं एवढंच होतं: तुमच्याच 2000 सालच्या विधिनिर्मिती कायद्यात लिहिलंय की माणसाच्या शारीरिक स्वातंत्र्यावर बंधन घालायचं तर ते संसदेच्या कायद्यानेच घालता येतं. हा डांबण्याचा नियम तर मंत्रिमंडळाने केलेला आहे. तेव्हा तो तुमच्या कायद्याशी आणि घटनेशी जुळतो का, हे तपासा. असा अर्ज करण्याची मुभा त्याच कायद्याने कुठल्याही नागरिकाला दिलेली होती.

जूनमध्ये सरकारने तो नियम रद्द केला. मारहाण करणाऱ्यांना शिक्षा झाल्या, एकाला देहदंड. लाखो स्थलांतरित मजुरांच्या डोक्यावरची टांगती तलवार गेली आणि हा विजय मी मुळीच लहान मानत नाही. पण सरकारने केलं काय, ते नीट बघा. नियम मंत्रिमंडळाने स्वतःहून मागे घेतला. त्यामुळे तो घटनाबाह्य आहे की नाही, हे स्थायी समितीला ठरवावंच लागलं नाही. प्रश्न सुटला आणि निवाडा टळला. वर्षभरात त्या वर्तमानपत्राच्या दोन वरिष्ठांना भ्रष्टाचाराच्या आरोपाखाली तुरुंगात टाकलं. हा सूड आहे, हे त्यांचे सहकारी तेव्हाही सांगत होते.

चीनच्या घटनेचं 35वं कलम भाषण, मुद्रण, सभा, संघटना, मिरवणूक आणि निदर्शनं यांचं स्वातंत्र्य देतं. 37वं कलम व्यक्तिस्वातंत्र्य अभंग आहे असं सांगतं. 41व्या कलमाने कुठल्याही सरकारी संस्थेवर, कुठल्याही अधिकाऱ्यावर टीका करण्याचा हक्क दिलाय आणि अशा माणसावर सूड उगवता येणार नाही, असंही म्हटलंय. 2004 मध्ये 33व्या कलमात वाक्य घातलं गेलं की राज्य मानवी हक्कांचा आदर करतं आणि ते जपतं. शब्दांत काही कमी नाही.

मग अडतं कुठे? आपल्या घटनेच्या 32व्या कलमाला बाबासाहेब आंबेडकरांनी घटनेचा आत्मा आणि हृदय म्हटलं होतं. त्या कलमाने कुठलाही नवा हक्क दिलेला नाही. हक्क तुडवला गेला तर थेट सर्वोच्च न्यायालयात जा, एवढंच ते सांगतं. चीनच्या घटनेत हे कलम नाही. घटनेचा अर्थ लावण्याचं काम 67व्या कलमाने संसदेच्या स्थायी समितीकडे आहे, न्यायालयाकडे नाही. पोलिसांनी माझं 35व्या कलमाचं स्वातंत्र्य हिरावलं, एवढ्यावर तिथल्या न्यायाधीशापुढे उभं राहता येत नाही.

एकदा न्यायालयाने हे करून बघितलं होतं. शान्तुंग प्रांतातल्या एका मुलीने परीक्षा देऊन शाळेत जागा मिळवली होती आणि 1990 मध्ये दुसरीच मुलगी तिचं नाव घेऊन त्या जागेवर शिकायला गेली. नऊ वर्षांनी खऱ्या मुलीला हे कळलं. विचार करा, तुमच्या नावाने कुणीतरी शिकलं, नोकरीला लागलं, आणि तुम्ही मात्र नापास झालो असं समजून मिळेल ते काम करत राहिलात. 2001 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या प्रकरणात घटनेतल्या शिक्षणाच्या हक्काचा आधार घेतला आणि तिला भरपाईची वाट मोकळी केली. चीनमधले कायद्याचे प्राध्यापक हरखून गेले. आता वाट फुटली, असं त्यांना वाटलं. 2008 च्या डिसेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो अभिप्राय मागे घेतला. कारणही नीट दिलं नाही. आणि जानेवारी 2017 मध्ये चीनच्या सरन्यायाधीशांनी जाहीर भाषणात न्यायालयीन स्वातंत्र्य ही पाश्चात्त्यांची चुकीची कल्पना असून तिचा मुकाबला करा, असं न्यायाधीशांना बजावलं.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. चिनी माणसाला कायद्याचा काहीच उपयोग होत नाही, असं कुणी सांगत असेल तर ते खरं नाही. 1990 च्या ऑक्टोबरपासून तिथे सरकारी खात्यावर खटला भरता येतो आणि लोक तो भरतातही. जमीन, परवाने, भरपाई अशा वादांत काही वेळा जिंकतातही. 2008 च्या कामगार करार कायद्याने मालकाने महिन्याभरात लेखी करार केला नाही तर मजुराला दुप्पट पगार मागता येतो. घटस्फोट, वारसा, थकलेला पगार यांसाठी न्यायालयांत रांगा लागतात. खटला शेजाऱ्याशी किंवा मालकाशी असेल तर कायदा बऱ्यापैकी चालतो. तो सत्तेच्या जवळ जाऊ लागला की पाऊल जड होतं, आणि सत्ताधारी कम्युनिस्ट पक्षापर्यंत पोचला की थांबतं. फौजदारी खटल्यांत तर 99 टक्क्यांहून जास्त आरोपी दोषी ठरतात.

निदर्शनांचा हक्कच घ्या. 2008 च्या बीजिंग ऑलिंपिकच्या वेळी सरकारने तीन बागा निदर्शनांसाठी नेमून दिल्या. अर्ज करा, परवानगी घ्या, मग बोला. 77 अर्ज आले. एकालाही परवानगी मिळाली नाही. सत्तरी ओलांडलेल्या दोन म्हाताऱ्या, घर पाडलं त्याची दाद मागायला, पुन्हा पुन्हा अर्ज घेऊन गेल्या. त्यांना खटल्याशिवाय वर्षभराच्या श्रमशिबिराची शिक्षा सुनावली गेली. पुढे गाजावाजा झाल्यावर ती मागे घेतली. ही श्रमशिबिरांची पद्धत 1957 पासून चालू होती आणि लोकांच्या रेट्याने 2013 च्या शेवटी बंद झाली. पण त्याच वर्षी फौजदारी प्रक्रियेतली एक सुधारणा अमलात आली होती. तिच्या आधारे पोलिसांना माणसाला ‘नेमलेल्या ठिकाणी’, म्हणजे घरीही नाही आणि कोठडीतही नाही, सहा महिन्यांपर्यंत ठेवता येतं. राष्ट्रीय सुरक्षेचं नाव घेतलं की त्यांच्या परवानगीशिवाय वकीलही भेटू शकत नाही.

9 जुलै 2015 पासून ही तरतूद वकिलांवरच उलटली. काही आठवड्यांत सुमारे 300 वकील आणि कार्यकर्त्यांना उचललं किंवा चौकशीला बोलावलं. त्यांतले वांग च्युआनझांग तीन वर्षांहून जास्त काळ कुठे आहेत, जिवंत आहेत की नाही, हे घरच्यांना धड कळत नव्हतं. त्यांच्या पत्नी ली वेनझू यांनी डिसेंबर 2018 मध्ये बीजिंगमध्ये आणखी तीन जणींबरोबर उघड्यावर डोक्यावरचे केस पूर्ण उतरवले. चिनी भाषेत केस म्हणजे ‘फा’ आणि कायदा म्हणजेही ‘फा’. फक्त सूर वेगळा. त्या म्हणाल्या, आम्ही ‘फा’विना राहू, तुम्ही ‘फा’विना राहू शकत नाही. आपल्याकडे बाईच्या डोक्यावरचे केस जाणं म्हणजे काय, हे या सभागृहातल्या आज्या-मावश्यांना सांगायला नको. पुढच्या महिन्यात वांग यांना साडेचार वर्षांची शिक्षा झाली.

चीनच्या वायव्य टोकाच्या शिनच्यांग प्रदेशाचा उल्लेख न करता हा विषय पुढे नेणं मला पटत नाही. तिथल्या उइगुर आणि इतर मुस्लिमांची मनमानी धरपकड मानवतेविरुद्धचा गुन्हा ठरू शकते, असं संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार कार्यालयाने ऑगस्ट 2022 मध्ये म्हटलं. चीनच्या घटनेचं चौथं कलम सगळे वांशिक समूह समान आहेत, असं सांगतं.

आपल्याकडे सगळं आलबेल आहे, असं मला सुचवायचं नाही. 1976 मध्ये, आणीबाणीत, आपल्याच सर्वोच्च न्यायालयाने स्थानबद्धांना दाद मागता येणार नाही असं म्हटलं होतं. न्यायमूर्ती खन्ना एकटे विरोधात उभे राहिले आणि त्यांचं मत निकालपत्रात छापून आलं. म्हणूनच पुढे तो निकाल चुकीचा होता असं म्हणता आलं. दार लावून घेतलं गेलं, पण भिंतीत दार होतं.

आता एक कागद. 3 जानेवारी 2020, वूहानमधली एक पोलीस चौकी. ली वेनलियांग या डोळ्यांच्या डॉक्टरने आपल्या वर्गमित्रांना ग्रुपवर लिहिलं होतं की सार्ससारखा आजार आलाय, जपा. पोलिसांनी बोलावून एक छापील ताकीदपत्र पुढे ठेवलं. खोटी माहिती पसरवून तुम्ही समाजव्यवस्था बिघडवली, असं त्यात होतं. खाली विचारलं होतं: हे थांबवू शकाल का? डॉक्टरने हाताने लिहिलं, ‘शकेन’. पुढे: हट्ट धरलात तर कायद्याने शिक्षा होईल, समजलं का? त्याने लिहिलं, ‘समजलं’. सही आणि दोन्ही उत्तरांवर अंगठ्याचे लाल ठसे. 7 फेब्रुवारीला तो त्याच आजाराने गेला. त्या रात्री लाखो माणसांनी इंटरनेटवर भाषणस्वातंत्र्य मागितलं. काहींनी 35वं कलम तसंच्या तसं टाकलं. अनेकांनी मास्कवर लिहून फोटो काढले: ‘शकणार नाही. समजलं नाही.’ सेन्सॉर ते पुसत होता, लोक परत टाकत होते. मार्चमध्ये ती ताकीद रद्द करून पोलिसांना माफी मागावी लागली.

पावणेतीन वर्षांनी, नोव्हेंबर 2022 मध्ये, शिनच्यांगची राजधानी उरुमचीतल्या एका इमारतीला आग लागून 10 माणसं गेली. कोविडच्या टाळेबंदीमुळे त्यांना बाहेर पडता आलं नाही, अशी लोकांची भावना झाली. शांघायच्या त्याच नावाच्या रस्त्यावर लोक मेणबत्त्या घेऊन जमले. हातात ए-फोर आकाराचे कोरे कागद. काय लिहायचंय ते सगळ्यांना ठाऊक होतं. दोन आठवड्यांत सरकारने निर्बंध उठवायला घेतले आणि कागद धरणाऱ्या काही जणांना शोधून उचललंही.

आणि 2003 चं ते पत्र? टेंग ब्याओ आज अमेरिकेत निर्वासितासारखं जगतात. शू झियाँग यांनी पुढे स्थलांतरितांच्या मुलांना आई-बाप राहतात त्याच शहरात परीक्षेला बसू द्या, म्हणून चळवळ केली. 2014 मध्ये त्यांना चार वर्षांची शिक्षा झाली आणि एप्रिल 2023 मध्ये आणखी चौदा वर्षांची. स्थायी समितीने त्या पत्राला उत्तर दिलेलं नाही.