दोन मिनिटांच्या भूमिकांची पन्नास वर्षं

श्रोतेहो, नमस्कार.

१९६१ सालच्या ‘मर्डर, शी सेड’ या ब्रिटिश चित्रपटात मिस मार्पल, म्हणजे अगाथा ख्रिस्तीच्या कादंबऱ्यांतली खुनांचा छडा लावणारी म्हातारी, झाल्या होत्या मार्गारेट रदरफर्ड. त्यातली घरकामाची बाई, मिसेस किडर, म्हणजे जोन हिक्सन. या चित्रपटामागची ख्रिस्तीची कादंबरी बीबीसीने १९८७ मध्ये आपल्या मार्पल मालिकेत पुन्हा केली, तेव्हा मिस मार्पल होत्या हिक्सनबाई. वय ८१!

जन्म १९०६चा. राडा या नाट्यशाळेत शिक्षण, मग रंगभूमी आणि १९३४ पासून चित्रपट. पुढची पन्नास वर्षं बहुतेक वेळा वाट्याला आल्या त्या दोन-चार मिनिटांच्या भूमिका. अशा भूमिकेत बाई कोण, कुठल्या थरातली, आत्ता कशाने वैतागली आहे, हे पहिल्या वाक्याआधी नुसत्या चालीवरून कळावं लागतं. घोटाळा होतो तो हावरेपणाने. वेळ थोडा म्हणून कलाकार सगळं एकदम दाखवायला जातो आणि मुख्य पात्रांचा प्रवेश विस्कटतो. हिक्सनबाईंचा हात इथे आखडता. ‘कॅरी ऑन नर्स’ या विनोदी चित्रपटात त्या वॉर्डच्या सिस्टर, तर पुढच्याच वर्षी ‘कॅरी ऑन कॉन्स्टेबल’मध्ये झिंगलेल्या बाईसाहेब. मोठा पुरस्कार आला तो नाटकासाठी, ‘बेडरूम फार्स’साठी, १९७९ साली. टोनी, म्हणजे अमेरिकी रंगभूमीचा मानाचा पुरस्कार.

चाळीसच्या दशकात त्यांचं नाटकातलं काम पाहून खुद्द ख्रिस्तीबाईंनी चिठ्ठी पाठवली होती, की कधीतरी तुम्ही माझी मिस मार्पल करावी. तो योग आला १९८४ मध्ये. १९९२ पर्यंत मार्पलच्या बाराही कादंबऱ्या झाल्या.

रदरफर्ड यांची मार्पल घोड्यावर बसते, तलवार चालवते. धमाल आहे, पण पुस्तकातली ती नव्हे. हिक्सनबाई बसतात, विणतात, ऐकतात. आता, कॅमेऱ्यासमोर ऐकणं महाकठीण. चेहऱ्यावर जास्त उमटलं तर खुनी अर्ध्यातच फुटतो, काहीच उमटलं नाही तर संकलकाला त्या चेहऱ्याकडे वळायला कारण उरत नाही. हिक्सनबाई चेहरा सौम्य ठेवतात, सगळा भार टाकतात नजरेवर. त्यामुळे समोरचा माणूस म्हातारीपुढे बिनधास्त बोलत सुटतो, आणि आपल्याला ते पटतं. हातात विणकाम असूनही त्या हातांनी अभिनय करत नाहीत, हे मला विशेष वाटतं.

त्या मालिकेतलं ‘अ मर्डर इज अनाउन्स्ड’ पाहिलंत, तर एकदा बोलणाऱ्यांना सोडून फक्त त्यांच्याकडे पाहा.