पूर्णेच्या काठावरून सरस्वती

(दृश्य : मे महिन्यातली दुपार. अकोला–अकोट रस्त्यावर गांधीग्रामजवळ पूर्णेचं पात्र.)

नल राजा राज्य हरलाय, अंगावरचं वस्त्रही गेलंय, आणि रानात उभं राहून तो दमयंतीला रस्ते दाखवतोय. हा अवंतीवरून, ऋक्षवान पर्वत ओलांडून दक्षिणेत उतरणारा. हा मोठा डोंगर विंध्य, ही समुद्राला जाणारी पयोष्णी, आणि हा रस्ता विदर्भाचा. म्हणजे तुझ्या माहेरचा. ‘तू जा’ असं तो तोंडानं म्हणत नाही, पण दमयंतीला कळायचं ते कळतं. महाभारताच्या वनपर्वातला हा प्रसंग.

पयोष्णी म्हणजे आपली पूर्णा, असं वऱ्हाडात पिढ्यान्‌पिढ्या मानतात. भैंसदेहीकडच्या डोंगरात ती निघते, अमरावती, अकोला, बुलढाणा करत चांगदेवला तापीला मिळते आणि तापीसोबत सुरतेकडे समुद्रात जाते. मे महिन्यात तिला पुलावरून बघितलं तर समुद्र राहू द्या, पुढच्या गावापर्यंत तरी पोचेल का, अशी शंका यावी. मधे डोह, डोहावर शेवाळ, उघडी पडलेली वाळू, काठाला म्हशी. श्रावणातल्या शेवटच्या सोमवारी मात्र याच काठावर पाय ठेवायला जागा नसते. कावडीला भरणे, म्हणजे पाण्याचे घडे, बांधून लोक इथलं पाणी अकोल्याच्या राजराजेश्वराला नेतात, चालत, ढोल वाजवत.

तर पयोष्णीचं ‘समुद्रगा’, म्हणजे समुद्राला जाणारी, हे विशेषण अजून खरं आहे. नदी बारीक झाली, पण वाट मोडली नाही.

अशीच साक्ष आणखी एका नदीबद्दल दिलेली आहे, आणि ती याहून बरीच जुनी. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलात सरस्वतीबद्दल म्हटलंय : ‘गिरिभ्य आ समुद्रात्’. डोंगरांपासून समुद्रापर्यंत. आज ही नदी समुद्राजवळ दाखवता येत नाही. डोंगराजवळ दाखवतात तिथेही भांडण आहे.

(दृश्य : नकाशा. यमुना आणि सतलज यांच्यामधला प्रदेश उजळतो.)

ती होती कुठं, याचा पत्ता ऋग्वेदच देतो. दहाव्या मंडलातल्या नदीसूक्तात नावं येतात ती ओळीनं, पूर्वेकडून पश्चिमेकडे : गंगा, यमुना, सरस्वती, शुतुद्री, परुष्णी. शुतुद्री म्हणजे सतलज, परुष्णी म्हणजे रावी. मग यमुना आणि सतलज यांच्या मधे बघायचं. म्हणजे आजचा हरियाणा, पंजाबचा दक्षिण भाग आणि राजस्थानचं उत्तर टोक. काही अभ्यासक सर्वांत जुन्या सूक्तांमधली सरस्वती अफगाणिस्तानात हेलमंदच्या खोऱ्यात नेऊन ठेवतात. पण नदीसूक्तातली ओळ आपल्याला हरियाणातच उतरवते.

गंमत अशी की ही नदी एका रात्रीत गडप झाली, असं जुने ग्रंथ सांगतच नाहीत. ऋग्वेदाच्या दुसऱ्या मंडलात ती ‘अम्बितमे, नदीतमे, देवितमे’ आहे. आयांमध्ये श्रेष्ठ, नद्यांमध्ये श्रेष्ठ, देवींमध्ये श्रेष्ठ. पुढं ब्राह्मणग्रंथांचा काळ येतो आणि ‘विनशन’ नावाचं ठिकाण उगवतं. नदी वाळूत नाहीशी होते ती जागा. तांड्य ब्राह्मणात तर हिशेबही आहे : विनशनापासून नदीच्या उगमाकडच्या प्लक्ष प्रास्रवणापर्यंत घोड्यावरून ४४ दिवसांची वाट. मनुस्मृती येईपर्यंत विनशन ही सरहद्दीची खूण झालेली आहे, आपल्याकडे जुन्या खरेदीखतात ‘पूर्वेस नाला’ लिहितात तशी. आणि त्याही नंतर सरस्वती थेट प्रयागला पोचते, पण गुप्त होऊन. आज तर कुठल्याही घाटावर विचारा, दोन नद्या मिळतात तिथं तिसरी, न दिसणारी, सरस्वती असतेच.

या सगळ्यात मला सर्वांत जवळचा वाटतो तो बलरामाचा प्रवास. कौंडिण्यपूरच्या रुक्मिणीचे हे भासरे, त्यामुळे वऱ्हाडाचे पाहुणेच. कुरुक्षेत्रावर दोन्हीकडे आपलीच माणसं, मग कोणाच्याच बाजूनं लढायला नको म्हणून ते तीर्थयात्रेला निघतात. द्वारकेकडून निघून प्रभास, आणि तिथून सरस्वतीच्या काठानं उलटे, वर वर, उगमाकडे. ४२ दिवसांनी परततात ते भीम-दुर्योधनाच्या गदायुद्धाला हजर. शल्यपर्वात या यात्रेचं वर्णन लांबलचक आहे, आणि त्यात सलग वाहणारी नदी अशी नाहीच. एक तीर्थ, मग दुसरं तीर्थ, मधे नदी दिसेनाशी, पुढं पुन्हा वर आलेली.

विनशनापाशी महाभारत कारणही देतं. शूद्र आणि आभीर यांच्याविषयीच्या द्वेषामुळं सरस्वती नाहीशी झाली म्हणे. नदी आटली की दोष कोणाच्या तरी जातीवर ढकलायचा, ही सोय तेव्हाही होतीच.

पण त्याच्या थोडं आधी उदपान नावाच्या तीर्थावर एक ओळ येते, आणि ती ओळ ज्यानं लिहिली त्यानं रान बघितलेलं आहे. ‘स्निग्धत्वादोषधीनां च भूमेश्च’. झाडपाल्याच्या टवटवीवरून आणि जमिनीच्या ओलाव्यावरून जाणकार ओळखतात, की सरस्वती दिसत नसली तरी इथं आहे.

(दृश्य : पूर्णाकाठचं शेत. धोतर नेसलेला एक म्हातारा माणूस अनवाणी चालतोय. तळहातावर आडवा नारळ.)

हे पाणाड्या. बोअर मारायच्या आधी गावोगाव यांना बोलावणं जातं. तळहातावर सोललेला नारळ आडवा, शेंडी बोटांच्या दिशेनं. धुऱ्यावरून ते सरळ चालत जातात, वळतात, पुन्हा येतात. एका जागी नारळ हलतो, शेंडी वर होते. शेतमालक तिथं दगड ठेवतो. सगळं दहा मिनिटांत आटोपतं.

“मामा, नारळ खरंच आपोआप उभा राहतो का?”

“राह्यते ना बाप्पा. पण नारळ हा लोकायसाठी हाये. मी तं पयले झाडं पायतो.”

मग ते धुऱ्याकडे बोट करतात. तिकडं उंबर, त्याच्या बुडाशी वारूळ. नाल्याच्या कडेला शिंदीची झाडं, सगळं रान वाळलेलं असताना हिरवीगार. नारळ चालतो यावर आमचा विश्वास नाही, आणि प्रयोगात तो टिकलेलाही नाही. झाडाचं मात्र वेगळं आहे. वराहमिहिराच्या बृहत्संहितेत ‘दकार्गल’ नावाचा अख्खा अध्याय आहे, कोणत्या झाडाच्या कोणत्या बाजूला वारूळ असलं तर पाणी किती पुरुष (माणसाच्या उंचीचं माप) खोल, हे सांगणारा. सहाव्या शतकातला. मामांनी तो वाचलेला नाही, पण दोघांची नजर एकच.

“आणि पाणी खारं लागलं तर?”

“पाणी कुठं हाये ते सांगतो भाऊ. गोडं हाये का खारं, हे नारळाले नाई समजत.”

हा खारपाणपट्टा आहे. अमरावती, अकोला, बुलढाण्यातली शेकडो गावं यात येतात. पूर्णेनं आणि तिच्या उपनद्यांनी आणून टाकलेला गाळ इथं शेकडो फूट जाड आहे, आणि त्या गाळात क्षार साठलेले. खाली पाणी आहे, भरपूर आहे, पण पिऊन बघा. भाजी शिजत नाही, पिकाला दिलं तर जमीन चोपण, म्हणजे घट्ट आणि नापीक, होते. म्हणून जमिनीखाली पाणी सापडलं म्हणजे नदी सापडली, असं इथल्या माणसाला पटवणं अवघड आहे.

हरियाणात मात्र पटलं. २०१५ च्या मे महिन्यात यमुनानगर जिल्ह्यातल्या मुगलवाली गावात रोजगार हमीचे मजूर सरस्वतीचं मानलेलं पात्र खोदत होते. सात-आठ फुटांवर पाणी लागलं. सरस्वती प्रकटली म्हणून टीव्हीवाले धावले, लोक बाटल्या घेऊन आले. शिवालिकच्या पायथ्याशी सात फुटांवर पाणी लागणं ही नवलाची गोष्ट नव्हे. श्रद्धेनं बाटली भरणाऱ्याशी आमचं भांडण नाही. मात्र भूजल नदीसारखं धावत नसतं. ते वाळूच्या कणांमधून झिरपतं, अगदी सावकाश. मुंबईच्या भाभा अणुसंशोधन केंद्राच्या शास्त्रज्ञांनी पश्चिम राजस्थानातल्या खोल विहिरींचं पाणी तपासलं, तेव्हा ते हजारो वर्षं जुनं निघालं. म्हणजे साठलेलं. वाहतं नव्हे.

(दृश्य : घग्गरचं पात्र, हनुमानगढ जिल्हा. दोन्ही बाजूंना वाळूचे टिब्बे, मधे सपाट हिरवी पट्टी.)

आता त्या पात्राकडे. शिवालिकच्या डोंगरात उगम पावणारी घग्गर ही पावसाळी नदी. हरियाणा, पंजाब करत राजस्थानात शिरते, आणि सरहद्दीपलीकडे चोलिस्तानच्या वाळवंटात तिचं कोरडं पात्र हाकडा म्हणून ओळखलं जातं. नदी एवढीशी, पात्र मात्र ठिकठिकाणी काही किलोमीटर रुंद. एवढं मोठं पात्र एवढ्याशा नदीनं कोरलं कसं, हा प्रश्न एकोणिसाव्या शतकातच पडला. सी. एफ. ओल्डहॅम या लष्करी डॉक्टरनं १८९३ मध्ये मांडलं की सतलज पूर्वी इकडून वाहायची. १९८० मध्ये शास्त्रज्ञ यशपाल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी उपग्रहाच्या चित्रांवरून जुने प्रवाह दाखवले. १९८५ मध्ये आपले विष्णु श्रीधर वाकणकर, भीमबेटकाची चित्रं जगापुढं आणणारे, हरियाणापासून गुजरातपर्यंत या पात्राचा माग काढत गेले.

चित्रात पात्र दिसतं, त्याचं वय दिसत नाही. वय वाळूला विचारावं लागतं. खोल बोअर घेऊन वाळू काढतात, उजेड न लागू देता, आणि प्रयोगशाळेत त्या कणाला शेवटचं ऊन कधी लागलं ते मोजतात. घग्गरच्या पात्राखाली अभ्रकाची राखाडी वाळू लागते, हिमालयातल्या मोठ्या नद्या आणतात तशी. २०१७ मध्ये आयआयटी कानपूर आणि लंडनच्या इंपीरियल कॉलेजच्या गटानं निष्कर्ष काढला : ही वाळू सतलजचीच, पण सतलज इथून निघून गेली ती किमान ८,००० वर्षांपूर्वी. म्हणजे हडप्पा संस्कृतीची गावं वसली तेव्हा हिमालयाची मोठी नदी इथं नव्हतीच. उलट ती गेली म्हणूनच पुराच्या भीतीविना लोक या सुपीक खोऱ्यात राहिले, असं त्यांचं म्हणणं. दोनच वर्षांनी अहमदाबादची भौतिक अनुसंधान प्रयोगशाळा आणि आयआयटी मुंबईच्या गटानं वेगळं सांगितलं : साधारण ९,००० ते ४,५०० वर्षांपूर्वी ही नदी बारमाही होती, सतलजच्या फाट्यांचं पाणी तिला मिळत होतं.

भांडणाची खरी गाठ इथं आहे. ऋग्वेदाचा काळ बहुतेक भाषाभ्यासक इसवी सनापूर्वी १५०० च्या आसपास धरतात. तेव्हा नदी क्षीण झालेली असेल, तर एवढी स्तुती कशी? काही जण म्हणतात ऋग्वेदच जुना धरा. काही म्हणतात स्तुती आहे, वाढवून केलेली असणार. मला दुसरं जास्त पटतं. स्तोत्र म्हणजे पाटबंधारे खात्याचा अहवाल नव्हे. मे महिन्यात पूर्णेची आरती ऐका आणि मग पात्र बघा. पण ‘वाढवून’ म्हटलं म्हणून नदी खोटी ठरत नाही, हेही तितकंच. बलरामाला भेटली तशी तुटक-तुटक, पावसावर जगणारी नदी तिथं होती, आणि तिच्या काठानं माणसं होती.

(दृश्य : कालीबंगा. उत्खननाचं जुनं कृष्णधवल छायाचित्र.)

ती माणसं काय करत होती, हे कालीबंगामध्ये दिसलं. हनुमानगढ जिल्ह्यात, घग्गरच्या दक्षिण काठावर. १९६० ते १९६९ या काळात बी. बी. लाल आणि बी. के. थापर यांनी इथं उत्खनन केलं. गावाच्या कोटाबाहेर माती काढता काढता एक शेत निघालं. नांगरलेलं. साधारण पावणेपाच हजार वर्षांपूर्वीचं. त्यात तासं, म्हणजे नांगराच्या रेघा, दोन दिशांना, एकमेकांना काटकोनात. एका दिशेची तासं जवळजवळ, ३० सेंटिमीटरवर. दुसऱ्या दिशेची लांब लांब, १९० सेंटिमीटरवर.

हे छायाचित्र आम्ही पूर्णाकाठी पारावर बसलेल्या शेतकऱ्यांना मोबाईलवर दाखवलं. सरस्वती, हडप्पा, काही सांगितलं नाही. एकानं स्क्रीन मोठी केली, बोटानं तासं मोजली आणि विचारलं, “हे आंतरपीक हाये ना? जवळ हे एक, अन् लांबच्या तासात दुसरं.”

उत्खनन करणाऱ्यांचाही तर्क हाच. कालीबंगाच्या आसपास आजही अशी दुहेरी पेरणी करतात : जवळच्या तासांत हरभरावर्गातलं पीक, लांबच्या तासांत मोहरी. मोहरी उंच वाढते, तिची सावली खालच्या पिकावर कमी पडावी म्हणून अंतर. आपल्याकडे कपाशीत तुरीचं तास टाकतात, त्याला कोणी शिकवायला येत नाही. मात्र कालीबंगाचं ते शेत पुन्हा बुजवून ठेवलेलं आहे. तिथं गेलात तर सपाट जमीन दिसेल.

हे शेत ज्यांनी नांगरलं त्यांच्यानंतर तिथं मोठं नगर वसलं, आणि इसवी सनापूर्वी १९०० च्या सुमारास तेही ओस पडत गेलं. पाऊसमान त्याच्या आधीच ढासळायला लागलं होतं, साधारण ४,२०० वर्षांपूर्वीपासून. माणसं पूर्वेकडे सरकली, जिथं पाणी होतं तिकडं.

घग्गर अजूनही कधी कधी भरते. २०२३ च्या जुलैत शिवालिकमध्ये मुसळधार पाऊस झाला आणि पंजाब-हरियाणात तिनं शेतं, रस्ते, वस्त्या पाण्याखाली घातल्या. खाली हनुमानगढपर्यंत सावधानतेचे इशारे गेले. तिथं जुन्या पात्राला ‘नाली’ म्हणतात आणि त्यात लोक भात लावतात. काठची गावं रात्रभर बांधावर मातीच्या गोण्या टाकत होती.