सव्वासात

[दृश्य: संध्याकाळ. ओलं रान, बांधावरचं कडुलिंबाचं झाड. लांबून पावशाचा आवाज.]

काल दुपारनंतर वळवाचा पाऊस झाला. या मोसमातला पहिला, ढेकळं विरघळतील इतका. मांजरा नदीच्या काठचं हे गाव. एरवी या वेळेला माणसं पारावर असतात, आज बांधावर आहेत. कुणाच्या हातात बादली, कुणाकडं शेळ्यांना पाला काढायची आकडी. पोरांकडं मोबाईलच्या बॅटऱ्या.

सात वाजून दहा मिनिटं. अजून काही नाही.

[दृश्य: जमिनीलगत कॅमेरा. ओल्या मातीचा पापुद्रा हलतो.]

हा आला.

चिंचोक्याच्या रंगाचा, चिंचोक्याहून थोडा मोठा. शास्त्रात याचं नाव होलोट्रायकिया सेराटा. शेतकऱ्याला ते नाव लागत नाही. त्याच्यासाठी हा भुंगेरा, आणि याची अळी म्हणजे हुमणी. काही गावांत उन्नी म्हणतात. हिवाळ्यातच हा जमिनीखाली कोषातून मोकळा झाला होता, पण वर आला नाही. सगळा उन्हाळा मातीत गप्प पडून होता. पावसाची वाट गावानं पाहिली तशी यानंही पाहिली.

"यायलेत, यायलेत! आक्का, बादली आण."

[दृश्य: एकामागून एक भुंगेरे उडतात. इथं वीस सेकंद निवेदन नाही. फक्त घोंगावण्याचा आवाज.]

जमिनीतून निघालेला भुंगेरा पिकाकडं वळत नाही. तो झाडाकडं जातो. कडुलिंब, बाभूळ, बोर. रानातलं बाकीचं सगळं हिरवं सोडून एवढ्या दोन-चार जातीच्या झाडांवर हजारोंनी उतरतो. नर-मादीची गाठ पडते ती इथंच. बॅटरीच्या झोतात दिसतंय बघा: मादी पानाला धरून बसलीय, आणि नर तिच्यामागं उलटा लोंबकळतोय, सुटलेल्या बटणासारखा.

मग रात्रभर पाला खायचा आणि पहाटेच्या आत पुन्हा जमिनीत शिरायचं. दिवसा याच झाडाखाली बसून माणसं भाकरी खातात, रात्री वर काय चाललं होतं याचा पत्ता नसतो. पानांच्या कडा चंद्रकोरीसारख्या कातरलेल्या दिसल्या की समजायचं, रात्रीचे पाहुणे इथं मुक्कामाला आहेत.

[दृश्य: झाडाखाली ताडपत्री. आकडीनं फांदी हलवली जाते. भुंगेरे टपाटप पडतात.]

यात यंत्र नाही, औषध नाही. फांदीला आकडी घालायची आणि दणका द्यायचा. हळू हलवलं तर भुंगेरा पाय आवळून धरतो, म्हणून झटका एकदम हवा. खाली ताडपत्री, नाहीतर जुनी चवाळी. पडलेले भुंगेरे क्षणभर निपचित असतात. तेवढ्यात गोळा करायचे. बादलीत पाणी, पाण्यावर थोडं रॉकेल. रॉकेल आता सहज मिळत नाही, म्हणून इथं डिझेल टाकलंय. बायांचा हात यात जास्त चालतो, हे कॅमेऱ्यानंच दाखवलं. पुरुष आकडी धरून वर बघत होते.

या बादलीचा हिशेब करू. एक मादी साठेक अंडी घालते. १०० भुंगेऱ्यांत निम्म्या माद्या धरल्या तर ५० माद्या, म्हणजे ३००० अंडी. ती घातली जाण्याआधीच बादलीत आली. पुढच्या तीन महिन्यांत कितीही खर्च केला तरी ३००० अळ्या जमिनीतून वेचून काढता येत नाहीत. एका झाडावर सरासरी वीस किंवा त्याहून जास्त भुंगेरे दिसले की सगळ्यांनी मिळून मोहीम घ्यावी, असा कृषी खात्याचा सल्ला असतो. या लिंबावरचे मोजायला घेतले आणि शंभराच्या पुढं गेल्यावर नाद सोडला.

[दृश्य: गेल्या वर्षीचं चित्रीकरण. पोळ्यानंतरचं रान. कुदळीनं उकरलेली माती.]

अंड्यातून निघालेली अळी आधी मातीतल्या कुजक्या काडीकचऱ्यावर जगते. म्हणून कच्चं शेणखत रानात पसरलं की तिची पंगतच बसते. मोठी झाली की मुळांकडं वळते. ही बघा: पांढरी, इंग्रजी सी अक्षरासारखी वळलेली, डोकं तपकिरी, पाय तीन जोड्या. हे सोयाबीनचं झाड दोन बोटांनी उचललं तर वर आलं. खाली मूळच नाही. उसाचंही तसंच. वाळलेलं बेट धरलं की सगळं हातात येतं.

त्या वर्षी या शिवारात सोयाबीन पट्ट्यापट्ट्यानं वाळलं, खोडवा, म्हणजे तोडणीनंतर पुन्हा फुटलेला ऊस, लोळला, दोन घरची बैलं बाजारात गेली.

[दृश्य: रिकामी दावण. दहा सेकंद. निवेदन नाही.]

आता उकिरड्याकडं. उकिरड्यात फावडं मारलं की अंगठ्याएवढी जाड अळी निघते आणि सगळे ओरडतात, हुमणी, हुमणी! ती बहुतेक वेळा हुमणी नसते. एवढी मोठी अळी गेंडा भुंग्याची असते. दुसरी एक अळी असते ती फुलांवर येणाऱ्या भुंग्याची, आणि ती ओळखायची खूण मजेशीर आहे. सपाट जागी ठेवली की उताणी होते आणि चक्क पाठीवर सरपटत जाते. पोरांनी हा खेळ तीनदा करून दाखवला. आम्ही तिन्ही वेळा चित्रित केला, एकच ठेवलाय.

मग हुमणी इतकी वाढली कशानं? ती काही बाहेर देशातून आलेली नाही, इथलीच आहे. तिच्या सोयीचं रान मात्र आपण तयार केलं. मांजरा आणि तेरणेच्या काठानं ऊस वाढला. एक लागण, मग खोडवा, मग पुन्हा खोडवा. दोन-तीन वर्षं जमिनीला नांगर लागत नाही. खाली कोष, वर मुळं, मध्ये ओल. हलवणारं कुणी नाही. तिकडं हिंगोली, वसमतच्या भागात हळदीच्या गादीवाफ्यात तिचं असंच फावतं.

मातीबरोबर प्रवास करायची या घराण्याची जुनी सवय आहे. जपानी भुंगेरा नावाचा हिचा एक नातेवाईक १९१६ साली अमेरिकेत न्यू जर्सीतल्या एका रोपवाटिकेत पहिल्यांदा सापडला. रोपांच्या मुळांशी असलेल्या मातीतून अळी आली असावी, असं मानतात. तिथल्या बागा आणि हिरवळी त्यानं शंभर वर्षं पोखरल्या. आपल्याकडं समुद्र ओलांडायची गरज नाही. शेणखताची ट्रॉली या गावातून त्या गावात जाते, तेवढं पुरतं.

[दृश्य: गोठ्यात कोपऱ्यात पडलेले जुने रिकामे डबे, धूळ.]

हे डबे ठेवून दिलेत, कशासाठी ते घरच्यांनाही सांगता येत नाही. आधी बीएचसी या कीटकनाशकाची भुकटी होती, ती १९९७ साली बंद झाली. मग फोरेटचे दाणे, त्यांनाही २०२० च्या अखेरीस बंदी आली. आता दुकानात दुसरी नावं आहेत. औषध मोठ्या अळीपर्यंत, म्हणजे वीतभर खोल, पोचवायचं कसं हा प्रश्न तेव्हाही होता, आजही आहे.

[दृश्य: प्रयोगशाळा. काचेच्या बश्या. मग हिरव्या बुरशीनं माखलेली अळी, अगदी जवळून.]

हे दृश्य परत दाखवतोय, कारण यावर कुणाचा विश्वास बसत नाही.

ही अळी बुरशीनं मारली. बुरशीचं नाव मेटारायझियम अॅनिसोप्ली. तिचे बीजाणू अळीच्या कातडीला चिकटतात, रुजतात, कातडी भेदून आत जातात. काही दिवसांनी अळी खाणं सोडते. मेल्यावर ताठ होते, आधी पांढरी, मग अशी हिरवी, जणू शेवाळ चढलंय. त्या हिरव्या भुकटीतून पुढच्या अळीला लागण.

ही किमया नवी नाही. १८७९ साली ओडेसामध्ये एली मेचनिकॉफ या शास्त्रज्ञानं गव्हाच्या भुंगेऱ्यावर ही बुरशी ओळखली. त्या भुंगेऱ्याचं नाव अॅनिसोप्लिया, तेच बुरशीला चिकटलं. याच माणसाला पुढं, १९०८ साली, नोबेल मिळालं, पण ते शरीराच्या रोगप्रतिकारशक्तीवरच्या कामासाठी.

परभणीचं कृषी विद्यापीठ १९७२ सालचं. २०१३ पासून त्याला वसंतराव नाईकांचं नाव आहे. तिथून ही बुरशी शेतकऱ्याला मिळते. बायोमिक्स नावाच्या मिश्रणासाठी तर हंगामात रांग लागते. वापरायची रीत सोपी आहे, पण घाईची नाही. चांगलं कुजलेलं शेणखत घ्यायचं, एकरी चारेक किलो बुरशी त्यात कालवायची, सावलीत ओलसर ठेवायचं आणि जमिनीत वाफसा असताना टाकायचं. उन्हात ठेवली की मेली. बुरशीनाशकात मिसळली तरी मेली, ती शेवटी बुरशीच आहे. अळी लहान असताना, जून-जुलैत टाकली तर लागू पडते. पोळ्याला आठवण झाली तर पैसे मातीत.

[दृश्य: ट्रॅक्टरचा नांगर. मागं बगळ्यांची रांग, साळुंक्या, कावळे, एक कोतवाल.]

हे मजूर बिनपगारी. पीक निघाल्यावर खोल नांगरट केली की कोष आणि अळ्या उघड्यावर येतात, आणि हे हजर. या बगळ्यानं आमच्यासमोर अकरा टिपल्या. नांगरट सकाळी करावी, असं शेतकरी सांगतात. दुपारच्या उन्हाला पक्षीही सावली शोधतात.

[दृश्य: बांधावरचं गाजरगवत. पानावर पिवळट भुंगा, पाठीवर गडद पट्टे.]

आता हा कोण? याला मारू नका, एवढं सांगायला इथं थांबलोय. हा खरा परदेशी, मेक्सिकोचा. झायगोग्रामा. १९८४ साली बंगळुरूजवळ मुद्दाम सोडला, गाजरगवत खायला. नव्वदीच्या दशकात कर्नाटकात तो सूर्यफुलावर दिसला आणि मोठी ओरड झाली. चौकशी झाली, काही काळ सोडणं थांबलं, पुढं त्याच्यावरचा आरोप टिकला नाही. परभणीहून आता पावसाळ्यात शेतकरी हे भुंगे डब्यात भरून घरी नेतात. आपला तो शत्रू, बाहेरचा तो मित्र, असा उलटा मामला.

[दृश्य: पुन्हा रात्र. बांधावर प्रकाश सापळा. दिव्याखाली पाण्याचं टोपलं.]

साडेआठ. सापळ्यात दिवा, खाली पाणी. साधी गोष्ट, पण पहिला पाऊस आणि वीज या गावात एकदम नांदत नाहीत. पाऊस आला की लाईन गेली. म्हणून हा दिवा सौर पॅनेलवरचा, तोही चार घरांत मिळून घेतलेला. सात ते दहा एवढाच लावायचा. रात्रभर ठेवला तर मित्रकीटकही येऊन मरतात.

आज बारा झाडं झाली. उद्या गावाच्या वरच्या अंगाची, परवा ओढ्याची. पाऊस पडल्यापासूनचे हे पाच-सहा दिवस हातचे गेले की मग वर्षभर फक्त बघत राहायचं.

[दृश्य: बादल्या रांगेत. कुणी मोजत नाही. बायका हात धुतायत.]

"बापू, उद्याच्याला सगळ्या घरचं एक-एक माणूस पाहिजे बरं का."

दहा वाजलेत. दिवा मालवला. माणसं परतायला लागली.

[दृश्य: बॅटरीचा झोत ओढ्यापलीकडं जातो.]

पलीकडचं ते लिंबाचं झाड पुढच्या गावाच्या शिवेत येतं. तिकडं आज कुणी आलेलं नाही. वारा पडलाय.

झाडाची पानं हलतायत.

[दृश्य: झाड. घोंगावण्याचा आवाज वाढत जातो. काळा पडदा.]