मेडिकल कॉलेजचे खटले नेमके कशावर लढले जातात

मंडळी, नव्या मेडिकल कॉलेजला परवानगी नाकारली आणि संस्था हायकोर्टात गेली, ही बातमी आपण दर पावसाळ्यात वाचतो. खरा प्रश्न साधा असतो. वॉर्डात रुग्ण आहेत का? शिकवायला माणसं आहेत का? कोर्टात मात्र युक्तिवाद चालतो तो तारखांवर आणि सुनावणी मिळाली की नाही यावर. याचा दोष आपण संस्थांना देतो, आणि तो द्यायलाच हवा. पण परवानगी देणाऱ्यांचा ढिसाळपणाही त्याला तितकाच कारणीभूत आहे, असं माझं मत आहे.

आधी कायदा. १९५६च्या मेडिकल कौन्सिल कायद्यात कलम १०-ए आलं आणि ते २७ ऑगस्ट १९९२पासून लागू झालं. केंद्राच्या पूर्वपरवानगीशिवाय नवं कॉलेज नाही आणि जागाही वाढवायच्या नाहीत, असा त्याचा नियम होता. त्याआधीच्या दशकात विनाअनुदानित कॉलेजं कशी उभी राहिली, हे महाराष्ट्राला मी काय सांगावं! २०१९च्या कायद्यानं कौन्सिलच्या जागी नॅशनल मेडिकल कमिशन आणलं. त्यात अपिलाच्या दोन पायऱ्या आहेत, एक आयोगाकडे आणि दुसरी केंद्राकडे. त्यानंतरही राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६खाली हायकोर्टात जायची वाट आहेच.

आता २०१६ पाहा. कौन्सिलवर विश्वास उरला नाही म्हणून सुप्रीम कोर्टानं निवृत्त सरन्यायाधीश लोढा यांच्या अध्यक्षतेखाली देखरेख समिती नेमली. कौन्सिलनं नाकारलेल्या अनेक कॉलेजांना या समितीनं सशर्त मान्यता दिली. हमीपत्र द्या, दोन कोटींची बँक गॅरंटी द्या, त्रुटी सापडल्या तर दोन वर्षं प्रवेश बंद. पुढच्या वर्षी तपासण्या झाल्या आणि केंद्रानं तीसहून अधिक कॉलेजांचे प्रवेश रोखले. संस्था सुप्रीम कोर्टात गेल्या. १ ऑगस्ट २०१७ला कोर्टानं सरकारला सांगितलं, पुन्हा विचार करा आणि कारणं लिहा. कारणं! एवढ्या मोठ्या आदेशात तीच धड नव्हती. वॉर्ड रिकामा असेलही, पण आदेशात तसं लिहिलेलं नसेल तर वकिलाला आयतं कोलीत मिळतं. त्याच वर्षी यातल्या लखनौच्या एका संस्थेच्या प्रकरणात लाचेचा आरोप होऊन एका निवृत्त न्यायमूर्तींना अटक झाली. सरन्यायाधीशांच्या अधिकारापर्यंत गेलेला तो वाद स्वतंत्र व्याख्यानाचा विषय आहे. आज तिकडे वळत नाही.

आपल्या धुळ्याचं उदाहरण जवळचं. जानेवारी २०२२मध्ये तिथल्या एका खासगी कॉलेजात आयोगाची अचानक तपासणी झाली आणि १००च्या १५० केलेल्या जागांची परवानगी काढून घेण्यात आली. प्रकरण हायकोर्टातून सुप्रीम कोर्टात गेलं. तपासणी मकर संक्रांतीच्या सुट्टीत झाली, अशी कॉलेजची तक्रार. न्यायमूर्ती चंद्रचूड यांनी विचारलं ते साधारण असं, की संक्रांत आली म्हणून आजार थांबतात का? बालरुग्ण विभागातली मुलं ठणठणीत दिसत होती, हेही कोर्टाच्या नजरेतून सुटलं नाही. संक्रांत आली ती कॉलेजवर, एवढंच म्हणतो.

संस्थेला खरं तर अंतिम निकाल नकोच असतो, हवा असतो अंतरिम आदेश. प्रवेशाची मुदत जवळ आलेली असते. एकदा मुलं वर्गात बसली की त्यांना बाहेर काढायला कोणाचाच हात धजत नाही. त्रुटी दूर करायला वेळ मिळेल असं वेळापत्रक हवं, हे सुप्रीम कोर्टानं २०१५मध्ये रॉयल मेडिकल ट्रस्टच्या निकालात सांगितलं होतं. ते नीट पाळलं तर शेवटच्या आठवड्यातली ही धावपळ बरीचशी टळेल. सुनावणी संस्थेला मिळालीच पाहिजे, पण मुलांना पुढे करून घेतलेले अंतरिम प्रवेश मला मान्य नाहीत.

पालक विचारतात, आम्ही काय बघायचं? कॉलेजकडे परवानगीचं पत्र मागा आणि ते कोणत्या वर्षाचं, किती जागांचं आहे ते पाहा. प्रवेश कोर्टाच्या आदेशावर चालू असतील तर तो आदेश मागून शेवटपर्यंत वाचा. ‘याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहून’ हे शब्द बहुधा शेवटच्या परिच्छेदात असतात.